ओळख पटली नाही, असं सांगणारं पुस्तक

पक्षी ओळखताना चूक झाली तर फारसं काही बिघडत नाही. वहीत चुकीचं नाव पडतं, पुढच्या रविवारी कोणी जाणकार ते खोडतो. सलीम अलींचं 'द बुक ऑफ इंडियन बर्ड्स' 1941 साली आलं. तेव्हापासून फिल्ड गाईड वापरायची जी सवय आपल्याला लागली, ती अशा बिनधोक चुकांवर पोसलेली आहे. चित्र बघायचं, समोरचं बघायचं, जुळलं की नाव लिहायचं. हीच सवय घेऊन माणूस भूछत्रांच्या पुस्तकाकडे जातो, आणि तिथं सगळा हिशेबच बदलतो. एप्रिल 2022 मध्ये आसामात रानातली भूछत्रं खाऊन तेरा माणसं गेली. म्हणून अशा कुठल्याही सचित्र पुस्तकाला माझा पहिला प्रश्न असतो: हे मला 'नाही' म्हणायला शिकवतं का?

मी पोटापाण्यासाठी सॉफ्टवेअर लिहितो. गाव नायगाव, जिल्हा नांदेड. आमच्याकडे किनवटसारखं जंगल नाही. काळी माती, सोयाबीन, कापूस, मधे उरलंसुरलं गायरान. तरीही मृगाचे दोन चांगले पाऊस झाले की उकिरड्यावर, बांधावर, वारुळाच्या कडेला छत्र्या उगवतातच. आजीच्या लेखी त्यांचे दोनच प्रकार होते. "वारुळावरची ती आपली. बाकी समदी कुत्र्याची छत्री, हात नको लावू."

'कुत्र्याची छत्री' हे नाव ऐकून वनस्पतीशास्त्र शिकलेले लोक हसतात, कारण ते एका जातीचं नाव नाही. शेकडो जाती त्यात कोंबलेल्या आहेत. पण आमच्या धंद्यात याला अलाऊ-लिस्ट म्हणतात. आत कोणाला सोडायचं त्यांची छोटी यादी करायची आणि बाकी सगळ्यांना दार बंद. वाईट कोण कोण आहे याची यादी कधीच पुरी होत नाही, म्हणून सुरक्षेचं काम करणारे लोक चांगल्यांची यादी ठेवतात. आजीची यादी एका ओळीची होती आणि त्या ओळीत जागेचा पत्ताही होता. गोव्यात याच छत्रीला रोवणाची अळमी म्हणतात, रोवण म्हणजे वारूळ. शास्त्रातलं टर्मिटोमायसिस हे नावसुद्धा वाळवीवरूनच आलंय. ही बुरशी वाळवीच आपल्या घरात पिकवते, आणि छत्रीचा दांडा जमिनीखाली मुळासारखा लांब होत थेट वाळवीच्या त्या मळ्यापर्यंत गेलेला असतो. तिन्ही नावांत वाळवी आहे. छत्रीचा रंग एकाही नावात नाही.

आता पुस्तकं बघू. रॉजर फिलिप्स यांचं ब्रिटन आणि युरोपातल्या भूछत्रांचं पुस्तक 1981 साली आलं, आणि फोटोंच्या बाबतीत आजही ते बघत राहावं असं आहे. एकाच जातीचे कोवळे, पुरते उमललेले, उभे कापलेले, उलटे ठेवलेले नमुने त्यांनी साध्या पार्श्वभूमीवर मांडून टिपले. वरून दिसणारी टोपी म्हणजे पूर्ण ओळख नव्हे, हे एका पानात कळतं. पण त्या साध्या पार्श्वभूमीत जमीन नाहीशी होते. वारूळ की उकिरडा, लाकूड की शेण, हे चित्रात उरत नाही. ते मजकुरात वाचावं लागतं, आणि फोटो इतके देखणे की मजकुरापर्यंत डोळा पोचतच नाही.

डेव्हिड अरोरा यांच्या 'मशरूम्स डिमिस्टिफाइड'चा (1979, वाढवलेली आवृत्ती 1986) स्वभाव उलटा आहे. जाडजूड, बरेचसे फोटो कृष्णधवल, आणि मधोमध 'की' नावाची प्रश्नांची साखळी. टोपीखाली पाती आहेत की छिद्रं? बीजाणूंचा रंग पांढरा की गुलाबी? दांड्याच्या बुडाशी पिशवी आहे की नाही? प्रत्येक उत्तरागणिक पुढचा प्रश्न. इफ-एल्स लिहिणाऱ्याला हे पान घरच्यासारखं वाटतं. पण त्याची खरी किंमत वेगळीच आहे. एखाद्या प्रश्नाचं उत्तर आपल्याकडे नसेल तर आपण तिथंच अडतो. हातातली छत्री बुडातून उकरलेलीच नसेल, तर पिशवीच्या प्रश्नाशी गाडी थांबते. ते थांबणं हीच त्या पुस्तकाची कामगिरी. फोटो बघणारा मात्र कधीच अडत नाही, त्याला काही ना काही जुळणारं सापडतंच.

याचं सगळ्यात दुःखद उदाहरण अरोरांच्याच कॅलिफोर्नियातलं आहे. आग्नेय आशियातून तिथं स्थायिक झालेल्या कुटुंबांना भाताच्या पेंढ्यावर उगवणारी अळिंबी लहानपणापासून माहीत होती. कॅलिफोर्नियात त्यांना तशीच दिसणारी छत्री मिळाली. ती होती अमानिता फॅलॉइड्स, म्हणजे डेथ कॅप. तिचं विष शिजवून जात नाही. त्रास सुरू व्हायला सहा-बारा तास किंवा त्याहून जास्त लागतात. मग थोडा आराम पडल्यासारखं वाटतं, आणि तेवढ्या वेळात यकृत निकामी होत गेलेलं असतं. त्या लोकांचं ज्ञान खोटं नव्हतं. ते ज्या मातीचं होतं ती माती बदलली होती. एक फरक मात्र बघता आला असता: पेंढ्यावरच्या अळिंबीचे बीजाणू गुलाबीसर असतात, डेथ कॅपचे पांढरे.

आमच्या नायगावची निम्मी पोरं आज पुणे-हैदराबादला आहेत. आजीची एका ओळीची यादी त्यांच्यासोबत जाते, वारूळ जात नाही. सोसायटीच्या लॉनवर पावसाळ्यात मोठ्या पांढऱ्या, तपकिरी खवल्यांच्या छत्र्या येतात. त्यात क्लोरोफिलम मॉलिब्डायटिस असू शकते. ती खाण्याजोग्या पॅरासोलसारखी दिसते आणि खाल्ल्यास उलट्या-जुलाबांनी माणूस आडवा होतो. कोवळेपणी तिची पाती पांढरीच असतात, हिरवट रंग बीजाणू पिकल्यावर येतो. वरून काढलेल्या फोटोत हा फरक कुठून दिसणार? दांडा कापून टोपी पाती खाली करून कागदावर ठेवायची, वर वाटी झाकायची, सकाळी कागदावर उमटलेला रंग बघायचा. चांगलं पुस्तक ही रिकामी वाट बघायला लावतं.

ॲप वाट बघायला लावत नाही, आणि माझी तक्रार नेमकी तिथं आहे. साध्या इमेज क्लासिफायरला हजार नावं शिकवली तर तो शंभर टक्के विश्वास त्या हजारांतच वाटून टाकतो. समोर चप्पल धरली तरी कुठल्या तरी भूछत्राला सगळ्यात मोठा आकडा मिळणारच. 'यातलं काहीच नाही' हे उत्तर वेगळं बांधावं लागतं. 2008 मध्ये सुरू झालेलं आयनॅचरलिस्ट त्यातल्या त्यात प्रामाणिक. खात्री नसली तर ते तसं सांगतं, कधी जातीऐवजी फक्त कुळापर्यंत येऊन थांबतं. पण त्या वाक्याखाली सुचवलेल्या नावांची यादी असतेच, आणि अंगठा यादीवर जातो. छापील पुस्तकही आता आपोआप भरवशाचं राहिलेलं नाही. 2023 मध्ये ऑनलाइन विक्रीला आलेल्या काही भूछत्र-पुस्तकांचा मजकूर यंत्राने लिहिलेला दिसत होता, तेव्हा न्यूयॉर्कच्या मायकॉलॉजिकल सोसायटीला लोकांना सावध करावं लागलं.

मग आपल्या मातीचं काय? 1980 साली पुण्याच्या महाराष्ट्र असोसिएशन फॉर द कल्टिव्हेशन ऑफ सायन्सने दक्षिण-पश्चिम भारतातल्या भूछत्रांवर मोनोग्राफ काढला. काम पायाभूत, पण तो वर्गीकरणाचा ग्रंथ आहे. त्याचा वाचक मायक्रोस्कोपसमोर बसलेला असतो. आजीची एक ओळ आणि तो मोनोग्राफ यांच्या मधल्या जागेत मला एक मराठी पुस्तक हवंय. पाचशे जातींचं नको. गायरान, उकिरडा, बांध, वारूळ, लॉन अशी जागेनुसार प्रकरणं, आणि त्यात नेहमी भेटणाऱ्या तीसेक जाती. फोटोंपेक्षा चित्रं, कारण फोटो एका छत्रीचा असतो आणि चित्रकार दहा छत्र्या बघून त्या जातीची खूण काढतो. रॉजर टोरी पीटरसनने 1934 च्या पक्षी-गाईडमध्ये बाण दाखवून ओळखीच्या खुणा शिकवल्या, तसे बाण हवेत. आणि प्रत्येक पानावर, त्याच आकारात, शेजारीच फसवी जुळी बहीण.

एक पान गैरसमजांनाही हवं. चांदीचा चमचा काळा पडला तरच विष, किड्याने खाल्लं म्हणजे चांगलं, उकळलं की विष मरतं, हे तिन्ही खोटं आहे. गोगलगायी अमानिता खुशाल खातात.

असं पुस्तक येईपर्यंत या पावसाळ्यात छत्री दिसली तर चार फोटो काढा: वरून, खालून पाती दिसतील असा, बूड उकरून, आणि आजूबाजूची जमीन दिसेल असा. नाव मिळो न मिळो, तोंडात घालू नका. आणि चौथ्या फोटोत वारूळ नसेल, तर आमच्याकडे त्या छत्रीला आधीच एक नाव आहे.