समुद्रतळीचे द्रव्य आणि त्याचा धनी

संगणकावरील खेळाची समीक्षा आपल्या पत्रिकेत यावी काय, असा प्रश्न काही ज्येष्ठ सभासद उपस्थित करतील याची आम्हांस कल्पना आहे. आमचे उत्तर थोडक्यात असे की, ज्या कृतीत कथानक आहे, नायक आहे, संकट आहे आणि त्या संकटाला एक अर्थ आहे, ती कागदावर छापलेली आहे की पडद्यावर हलते आहे, हा गौण मुद्दा होय. नाटकालाही आपल्या वडीलधाऱ्यांनी एके काळी असेच उंबऱ्याबाहेर उभे केले होते.

खेळाचे नाव ‘सबनॉटिका’. सॅन फ्रान्सिस्को येथील ‘अननोन वर्ल्ड्स’ या संस्थेने तो डिसेंबर २०१४ पासून अपूर्ण रूपात आणि जानेवारी २०१८ मध्ये पूर्ण रूपात प्रसिद्ध केला. आम्ही तो घरच्या तरुण मंडळींच्या शेजारी बसून अथपासून इतिपर्यंत पाहिला. कथा साधी आहे. ‘ऑरोरा’ नावाचे अवकाशयान एका जलमय ग्रहावर कोसळते. त्यातील एक मनुष्य छोट्या जीवरक्षक कोठडीत बसून वाचतो आणि डोळे उघडतो तो चोहीकडे पाणीच पाणी. जगायचे तर मासे धरायचे, पिण्याचे पाणीही माशापासूनच मिळवायचे, आणि तळाशी पडलेले धातू, खडे व वनस्पती गोळा करून त्यांतून एकेक साधन तयार करायचे. आरंभी श्वास पुरतो तो अवघा ४५ सेकंद. त्या ४५ सेकंदांत खाली जाऊन एखादा चुनखडकाचा उंचवटा फोडायचा, तांबे निघाले की टायटॅनियम ते पाहायचे आणि छाती फुटण्यापूर्वी वर यायचे.

समीक्षेचा विषय इथेच सुरू होतो. बहुतेक खेळांत दुर्मीळ वस्तू दुर्मीळ असते ती केवळ यदृच्छेने. फासे अनुकूल पडले की मिळाली. इथे तसे नाही. इथे वस्तूची दुर्मीळता तिच्या ठिकाणात आहे. तांबे उथळ पाण्यात. चांदी व शिसे वालुकाश्मात, थोडे दूर. निकेल एका भूमिगत नदीच्या अंधारात. आणि कायनाइट नावाचा निळा स्फटिक सर्वांत खाली, तप्त लाव्हाच्या प्रदेशात. शिवाय प्रत्येक पायरीची किल्ली आधीच्या पायरीवर ठेवलेली. पाणबुडीला विशिष्ट खोलीपलीकडे पाण्याचा दाब सोसत नाही. तिला अधिक बळकट करायचे तर जे निकेल लागते ते सोसवेल त्या खोलीच्या अगदी काठावर सापडते, आणि त्याहून खाली जाण्यासाठी लागणारे कायनाइट त्याहून खाली. म्हणजे कथानक पुढे नेणारी शक्ती इथे खलनायक नव्हे, खनिज आहे. अशी रचना आम्ही अन्यत्र पाहिलेली नाही.

कायनाइट हे कल्पित नाव नव्हे, हे मुद्दाम सांगतो. भंडारा जिल्ह्यात ते निघते आणि भट्ट्यांच्या उष्णतारोधक विटांसाठी वापरले जाते. ज्या घटकांचे ते बनते त्यांचीच आणखी दोन खनिजे निसर्गात आहेत; परंतु त्या तिघांत प्रचंड दाबाखाली घडणारे ते कायनाइट. सर्वाधिक दाबाच्या तळाशी खेळकर्त्यांनी नेमके हेच ठेवावे, यात आम्हांस अभ्यास दिसतो. हा अभ्यास सर्वत्र टिकलेला मात्र नाही. हिरा शेल खडक फोडून मिळतो, असे हा खेळ सांगतो. पन्न्याच्या कंकर-गोट्यांच्या थरांत आयुष्य घालवणारा कोणीही मजूर हे ऐकून हसेल.

उथळ पाण्यातले पहिले काही तास हा खेळाचा सर्वोत्तम भाग होय. तिथे नकाशा नाही. पाण्याचा रंग कुठे पालटतो, वनस्पती कुठे उंच होतात, कोणत्या गुहेच्या तोंडाशी कोणता प्राणी घिरट्या घालतो, या खुणांवरून खेळणाऱ्याने अनुमान करायचे. हे वाचनच आहे, आणि आपल्या शहराला ते नवे नाही. १६१५ च्या सुमारास, खानखाना अब्दुर्रहीम यांच्या काळी, तबकुतुल अर्ज नावाच्या इराणी जाणकाराने सातपुड्याच्या उतारावर अदृश्य झिरपणारे पाणी असेच ओळखले असले पाहिजे. त्याच्या हाती कोणतेही यंत्र नव्हते. जमिनीचा कल, दगडाची जात आणि माती यांवरच त्याचा भरवसा. त्या अनुमानावर शंभराहून अधिक कुंड्या खोदल्या गेल्या, जमिनीखालून बोगद्याने जोडल्या गेल्या, आणि केवळ उताराच्या बळावर पाणी बऱ्हाणपुरात आले. कुंडी भंडाऱ्यात उतरून ज्यांनी तो गारवा अनुभवला आहे त्यांना, लपलेली वस्तू हुडकणे आणि ती पडलेली आढळणे यांतला भेद निराळा समजावून सांगावा लागणार नाही.

म्हणूनच पुढचे दुःख अधिक. खेळ निम्म्यावर आला की एक ‘स्कॅनर’ कक्ष बांधता येतो. त्यात बसून हवे ते द्रव्य निवडले की आसमंतातील त्याचे सगळे साठे पडद्यावर ठिपक्यांसारखे उमटतात. सोय मोठी, यात शंका नाही. तासन्‌तास भटकून थकलेल्या तरुणांनी त्या कक्षाचे जे स्वागत केले तेही आम्ही पाहिले. परंतु त्या क्षणापासून समुद्र वाचायचा राहत नाही. तो मोजायचा होतो. ज्या भीतीने चांदीला मोल दिले होते ती भीती उणावते आणि हाती उरते ती सामानाची यादी. चार निकेल, दोन कायनाइट, आणखी अमुक. सरकारी भांडारात आयुष्यभर नोंदवह्या तपासलेल्या माणसाला ही भाषा चांगली ओळखीची आहे. निवृत्तीनंतर तीच पुन्हा कशाला ऐकायची?

याच्या अगदी उलट टोकाला एक प्रसंग आहे आणि तो या खेळाचे वैभव आहे. दाब सोसणारी जाड काच करण्यासाठी ‘स्टॉकर’ नावाच्या एका हिंस्र जलचराचा दात लागतो. आपल्याला वाटते, मारावे आणि घ्यावा. मारून तो मिळत नाही. या प्राण्याला चकाकत्या धातूचे वेड आहे. अवशेषांतला पत्रा त्याच्यापुढे टाकावा, तो तोंडात धरून तो खेळतो, आणि खेळता खेळता एखादा दात निखळून तळाशी पडतो. तेवढा आपण उचलायचा. दुर्मीळ वस्तू बळाने नव्हे, दुसऱ्याची आवड जाणून मिळते, ही कल्पना ज्याला सुचली त्याला आम्ही कवी म्हणू. खेळात बंदूक जवळजवळ नाहीच, आणि हे योगायोगाने घडलेले नाही. डिसेंबर २०१२ मध्ये अमेरिकेतील सँडी हूक येथील शाळेत गोळीबार झाला. जगात आणखी बंदुकांची भर घालायची नाही, असा निश्चय आपण त्यानंतर केल्याचे दिग्दर्शक चार्ली क्लीव्हलँड यांनी सांगितले आहे. तरुणांच्या खेळांविषयी आपल्या बैठकीत जी सरसकट तक्रार होते तिने एवढी नोंद तरी घ्यावी.

आता आमचा मुख्य आक्षेप. या जातीच्या खेळांना ‘क्राफ्टिंग’चे खेळ म्हणतात, म्हणजे कारागिरीचे. इथे कारागिरी कुठे आहे? द्रव्ये गोळा केली, भिंतीवरच्या यंत्रापुढे उभे राहिले, चित्रावर बोट ठेवले, की काही सेकंदांत वस्तू तयार. चांदीच्या दोन खड्यांपासून तारांचा संच होतो. चांदीची तार! जरीच्या या गावात हे पाहताना आम्ही अस्वस्थ झालो. इथल्या तारकशांनी चांदीच्या कांबीवर सोन्याचा पत्रा चढवावा, ती तापवावी, ठोकावी, पोलादी पट्टीच्या एकाहून एक बारीक छिद्रांतून ओढत ओढत केसासारखी करावी, मग चपटी करून रेशमावर गुंडाळावी, तेव्हा कुठे कलाबतू होई. ताव्हेर्निएसारखा प्रवासी सतराव्या शतकात इथल्या कापडाचा व्यापार इराण, तुर्कस्तान आणि पोलंडपर्यंत पोहोचल्याचे लिहून गेला, तो त्या ओढण्यामुळे. नुसत्या चांदीमुळे नव्हे. द्रव्य आणि वस्तू यांच्यामध्ये हात असतो. खेळाने द्रव्य शोधण्याचे कष्ट मोठ्या निष्ठेने रंगवले आणि हात मात्र वगळला.

हे अटळ नव्हते, याचा दाखला खेळाच्या आजोबांकडेच आहे. ज्यूल व्हर्नच्या ‘गूढ बेट’ या १८७४-७५ मधील कादंबरीत पाच माणसे बलूनमधून एका ओसाड बेटावर येऊन पडतात. त्यांच्याजवळ जवळजवळ काही नाही. घड्याळाच्या दोन काचा जोडून त्यांचे भिंग, भिंगाने अग्नी. मातीच्या विटा, विटांची भट्टी. अशुद्ध धातुकापासून लोखंड. पुढे खडक फोडण्यासाठी नायट्रोग्लिसरीनसुद्धा. प्रत्येक कृती व्हर्न पानेच्या पाने सांगतो आणि वाचक कंटाळत नाही, कारण त्या पानांत माणसे चुकतात, भाजतात, पुन्हा करतात. भा. रा. भागवतांनी व्हर्न मराठीत आणला तेव्हा आपल्यापैकी अनेकांनी तो अधाशासारखा वाचला; घराच्या मागच्या अंगणात भट्टी करून पाहणारेही काही निघाले असतील. आजचा खेळ पाहून कोणी भट्टी करील असे वाटत नाही.

व्हर्नचे नाव निघाले की नेमोही आलाच. ‘गूढ बेटा’च्या अखेरीस उलगडते की पाणबुडीचा हा अधिपती मूळचा राजपुत्र दक्कार, बुंदेलखंडातील एका राजाचा मुलगा, १८५७ च्या रणात सर्वस्व गमावलेला. म्हणजे आपल्याच प्रांताचा. फ्रेंच लेखकाने जगातील सर्वांत श्रेष्ठ पाणबुड्या मध्य भारतातून निवडावा, याचा आम्हां इथल्या वाचकांना अभिमान वाटणे स्वाभाविक आहे. परंतु मुद्दा वेगळा आहे. नेमोदेखील समुद्रतळाशी द्रव्य वेचतो. व्हीगोच्या उपसागरात बुडालेल्या जहाजांतले सोने तो काढतो आणि क्रीटच्या बंडखोरांकडे पाठवतो. सिंहलद्वीपाजवळ मोती काढणाऱ्या गरीब हिंदी पाणबुड्याला शार्कपासून वाचवून त्याच्या हाती मोत्यांची थैली देतो. त्याने काढलेले द्रव्य कोणाकडे तरी जाते. ‘सबनॉटिका’चा नायक दिवसेंदिवस साठवत राहतो, आणि त्याचा साठा ज्याच्याकडे जावा असा कोणी त्या ग्रहावर नाही. १६८१ साली हंबीरराव मोहित्यांच्या फौजेने आमचे हे बहादरपुर लुटले, तेव्हा नेण्याजोगे काय आणि टाकून द्यावे काय, हा प्रश्न त्या घोडेस्वारांनाही पडला असेल. पण कोणासाठी न्यायचे हे त्यांना ठाऊक होते. ते द्रव्य स्वराज्याच्या खजिन्यात जायचे होते. (लुटले गेलेल्यांचे म्हणणे अर्थात निराळे असणार, आणि आपण आता त्यांच्याच गावचे आहोत.)

एकदाच हे बदलते. ग्रहावर एक रोग पसरलेला आहे, नायकालाही तो झाला आहे, आणि उपाय एका बंदिस्त, वृद्ध, महाकाय जलचर मातेच्या पिलांकडे आहे. तिची अंडी कित्येक युगे फुटलेली नाहीत. ती फुटावीत म्हणून नायक जे रसायन करतो त्यात खनिज एकही नाही. पाच वनस्पतींची बीजे आणि तुकडे, एवढेच. निळे स्फटिक आणि सोने ज्या माणसाने स्वतःच्या सुटकेसाठी खणले, तोच पाने गोळा करतो ती दुसऱ्याच्या लेकरांसाठी. पिले बाहेर येतात, माता शांतपणे प्राण सोडते. आमच्या शेजारी बसलेली, एरवी बडबडी, मंडळी त्या वेळी गप्प होती.

यानंतर खेळाने थांबावे की नाही, यावर दुमत होईल. तो थांबत नाही. नायक अग्निबाण बांधतो. त्याच्या इंधनालाही पुन्हा कायनाइट लागतेच. आणि घरी पोहोचताना त्याच्या मालक कंपनीचा संदेश येतो की, या प्रदेशातील सर्व द्रव्ये कंपनीच्या मालकीची असून त्यांच्या वापरापोटी एक लाख कोटींची येणे रक्कम चुकती केल्याखेरीज उतरण्यास परवानगी नाही. अधूनमधून, खेळाच्या आरंभापासूनच, ही आकारणी बारीक आवाजात कानावर पडत असते, पण जीव वाचवण्याच्या धांदलीत तिच्याकडे लक्ष कोण देतो?

हा विनोद चांगला आहे, पण हा केवळ विनोद राहिला, ही आमची तक्रार आहे. जमिनीखालचे वा पाण्याखालचे द्रव्य कोणाचे, हा प्रश्न थट्टेवारी नेण्याजोगा नाही. पन्ना जिल्ह्यात सामान्य माणूस ८ मीटर लांब व ८ मीटर रुंद तुकड्याचा पट्टा घेऊन हिरा शोधतो. सापडला तर तो हिरा कार्यालयात जमा करावा लागतो. लिलाव होतो, शासनाचे स्वामित्वशुल्क वजा होते आणि उरलेली रक्कम त्याच्या हाती येते. बहुतेकांना काहीच सापडत नाही. या व्यवस्थेत दोष आहेत, कोणत्या नाहीत? तथापि शोधणाऱ्याचा हिस्सा किती आणि भूमीच्या धन्याचा किती, हे तिथे आधी ठरलेले असते, आणि शोधणारा ते जाणून कुदळ मारतो. ‘सबनॉटिका’त हे देणे कुदळ मारणाऱ्याला जाणवेल अशा रीतीने प्रत्येक खड्यावर चढत गेले असते, तर चांदी उचलताना हात थबकला असता, आणि कृती कितीतरी मोठी झाली असती.

व्हर्नचा नेमो मरताना त्या बेटवासीयांना हिऱ्यामोत्यांची एक पेटी देतो. बाकी सारा संग्रह पाणबुडीसह, त्याच्या इच्छेनुसार, त्याच्यासोबतच तळाशी जातो. पेटीतील बहुतांश ऐवज विकून ती माणसे आयोवात जमीन घेतात आणि शेती करतात.