पाहण्याचा अधिकार

चित्रपट नऊ तासांहून अधिक लांबीचा. त्यांत रचलेली कथा नाहीं, नट नाहींत, समजावून सांगणारा निवेदकहि नाहीं, असें म्हटलें म्हणजे बहुतेक सुज्ञ प्रेक्षक दुरूनच हात जोडतील. वांग बिंग या चिनी दिग्दर्शकाचा 'वेस्ट ऑफ द ट्रॅक्स' (२००३) हा अनुबोधपट नेमका असाच आहे. लोकांचा इतका वेळ मागण्याचा अधिकार कलावंताला कोणीं दिला, हा प्रश्न रास्त असून त्याला बगल देणें बरें नव्हे.

ईशान्य चीनमधील शेन्यांग शहराच्या तिएशी भागांतील सरकारी कारखाने एकामागून एक बंद पडत असतां, १९९९ ते २००१ या काळांत, वांग बिंग एक लहानसा डिजिटल कॅमेरा घेऊन तेथें वावरला. चित्रपटाचे भाग तीन: पहिल्यांत कारखाने, दुसऱ्यांत उठवली जाणारी कामगारवस्ती, तिसऱ्यांत मालगाड्यांचा लोहमार्ग.

या तिसऱ्या भागांत रुळांच्या आश्रयानें कोळसा व भंगार गोळा करून जगणारा एक म्हातारा व त्याचा तरुण मुलगा आपल्याला भेटतात. पुढें बापाला पकडून नेतात. मुलगा जपून ठेवलेलीं घरच्या माणसांचीं छायाचित्रें बाहेर काढतो, आणि त्याला रडूं कोसळतें. कॅमेरा तेथेंच असतो. हें पाहतांना आम्ही अस्वस्थ झालों. परक्याचें दुःख असें टक लावून पाहावें काय? दोन मिनिटांच्या वार्तापटांत हें दृश्य असतें, तर तें दाराच्या फटींतून डोकावणेंच ठरलें असतें. परंतु एव्हांना आपण त्या घरीं पुष्कळ वेळ बसलेलों असतों. दुःखाच्या प्रसंगीं शेजारी घरांत येतो तो परवानगी काढून नव्हे, परिचयाच्या बळावर. प्रेक्षकाचा अधिकारहि तसाच मिळवावा लागतो, आणि वेळ हें त्याचें मोल आहे.

मात्र नुसता वेळ पुरत नाहीं. पहिला भाग चार तासांचा. पण त्यांतील कामगारांचे चेहरे एकमेकांत मिसळून जातात, आणि परिचय जमण्यापूर्वींच शीण येतो. तिसरा सव्वादोन तासांचाच असून मनांत घर करतो, तो त्या दोन माणसांमुळें. मंद गति हा स्वतः गुण नव्हे, हें या दिग्दर्शकाच्या भक्तांनीं ध्यानांत ठेवावें.

'फेंगमिंग' (२००७) या चित्रपटांत त्यानें ही शिस्त अधिक कसोशीनें पाळली आहे. राजकीय छळांत पति गमावलेली एक वृद्धा आपल्या घरीं बसून सुमारें तीन तास आपली हकीकत सांगते. बाहेर दिवस मावळतो, खोलींत अंधार दाटत जातो, तरी तो तिला बोलूं देतो. चेहरा दिसेनासा होऊं लागल्यावरच दिवा लावण्याची विनंती करतो. चांगल्या प्रकाशापेक्षां तिचें बोलणें न तोडणें त्याला मोलाचें वाटलें. ज्याला ऐकण्याची एवढी चाड आहे, त्याला आपले नऊ तास देण्यांत आम्हांला तरी तोटा वाटला नाहीं.