‘काळ’, ‘वेळ’ आणि काचेचे घड्याळ : टेरी प्रॅचेट यांच्या ‘थीफ ऑफ टाइम’मधील काळरूपाचा विचार

प्रस्तावना

काळाला देह देण्याची प्रथा साहित्यात व कलेत जुनी आहे. आपल्याकडे काळपुरुषाची कल्पना आहे. युरोपीय चित्रकलेत हाती विळा व वाळूचे घड्याळ घेतलेला वृद्ध दिसतो. ही रूपे प्रामुख्याने पुरुषाची आणि संहारकाची आहेत. ब्रिटिश कादंबरीकार टेरी प्रॅचेट (१९४८-२०१५) यांनी २००१ मध्ये प्रसिद्ध झालेल्या ‘थीफ ऑफ टाइम’ या कादंबरीत मात्र काळाला स्त्रीरूप, तेही मातृरूप दिले. ‘डिस्कवर्ल्ड’ या ४१ कादंबऱ्यांच्या मालिकेतील ही २६ वी कादंबरी होय. महाकाय कासवाच्या पाठीवरील चार हत्तींनी तोललेल्या सपाट जगात या मालिकेतील कथा घडतात. विनोदी अद्भुतिका म्हणून त्यांची गणना होते, आणि त्यामुळेच त्यांतील वैचारिक आशयाकडे अभ्यासकांचे दुर्लक्ष होण्याचा धोका असतो. काळाच्या या रूपातून कादंबरी नेमके काय सांगते, आणि ते सांगताना कोठे अडते, याचा शोध घेणे हा प्रस्तुत लेखाचा उद्देश आहे.

मोजणारे आणि जगणारे

कादंबरीतील संघर्ष काळ आणि मृत्यू यांच्यातील नाही. मृत्यू येथे स्वतंत्र पात्र असून तो माणसांच्या बाजूने उभा राहतो. खरे विरोधक आहेत विश्वाचे ‘ऑडिटर्स’, म्हणजेच लेखापरीक्षक. त्यांना देह नाही, नाव नाही. त्यांच्यापैकी जो ‘मी’ म्हणेल तो तत्क्षणी नष्ट होतो. जीवसृष्टीचा अव्यवस्थितपणा त्यांना खुपतो. म्हणून ते जेरेमी क्लॉकसन या तरुण घड्याळजीकडून संपूर्ण अचूक असे काचेचे घड्याळ बनवून घेतात. हे घड्याळ विश्वाच्या मूळ स्पंदनाशी जुळताच काळ थांबणार असतो. मापन परिपूर्ण झाले की मोजायचे तेच मरते, हा या कल्पनेचा गाभा आहे.

याउलट डोंगरातील मठात राहणारे इतिहास-भिक्षू काळ साठवतात आणि वाटतात. जेथे तो वाया जातो तेथून काढून जेथे तो पुरत नाही तेथे ते पोहोचवतात. त्यांच्या दृष्टीने काळ सर्वत्र सारखा नसतो. तो गरजेनुसार कमीजास्त होतो.

हा भेद मराठी वाचकाला आपल्या भाषेतूनच उमगू शकतो. ‘काळ’ या शब्दात समय आणि मृत्यू हे दोन्ही अर्थ सामावलेले आहेत. ‘वेळ’ हा शब्द तर दोन लिंगांत चालतो. ‘बराच वेळ गेला’ यातील पुल्लिंगी वेळ मोजता येतो, वाचवता येतो, वाया घालवता येतो. ‘काळ आला होता, पण वेळ आली नव्हती’ या म्हणीतील स्त्रीलिंगी वेळ मात्र मोजायची नसते. ती यावी लागते. लेखापरीक्षकांना ‘तो वेळ’ तेवढा ठाऊक आहे. ‘ती वेळ’ त्यांच्या हिशेबात बसत नाही.

मातृरूप आणि त्याची मर्यादा

मूर्तिमंत काळ ही स्त्री वेन या भिक्षूच्या प्रेमात पडते आणि तिला मूल होते. जन्माच्या क्षणी घडलेल्या कालविक्षेपामुळे एकच मूल दोनदा जन्मते. त्यांतील एक घड्याळजींच्या संघात वाढलेला जेरेमी, तर दुसरा चोरांच्या संघातून मठात आलेला लोबसांग. एक काळ अचूक मोजतो, दुसरा तो सहज वाकवतो. दोघे एकरूप झाल्याखेरीज काळ पूर्ववत होत नाही. मापनाला संपूर्णपणे नाकारणे हा लेखकाचा पक्ष नाही, हे या रचनेतून स्पष्ट होते.

तथापि, एक आक्षेप नोंदवणे आवश्यक आहे. जिच्यामुळे हे सारे घडते ती माता कथेत अल्पकाळच प्रत्यक्ष येते आणि शेवटी तिचे पद पुत्राकडे जाते. मानवी देह धारण करून व्यक्तित्वाची चव घेणारी लेखापरीक्षक स्त्री, जिला पुढे ‘युनिटी’ हे नाव मिळते, तीही अखेरीस स्वतःचा अंत करून घेते. काळाला स्त्री मानण्याचे धाडस लेखकाने केले. मात्र त्या स्त्रीला पुरेशी वाणी दिली नाही. परिणामी रूढ काळपुरुषाचे सिंहासन थोड्या विश्रांतीनंतर पुन्हा पुरुषाकडेच जाते.

या आक्षेपाला अंशतः उत्तर देते ती मृत्यूची नात सुझन. ती शाळेत शिक्षिका आहे आणि आपल्या विद्यार्थ्यांना इतिहास प्रत्यक्ष दाखवून आणते. काळावर सत्ता असूनही ती वर्गात परतते. कादंबरीच्या शेवटी नवा काळ तिलाच भेटायला येतो.

निष्कर्ष

‘थीफ ऑफ टाइम’मधील काळरूप संहारकाचे नसून नातेसंबंधाचे आहे. तासिका, कार्यभार आणि गुणांकन यांच्या तक्त्यांत वावरणाऱ्या अध्यापकाला काचेचे घड्याळ अपरिचित वाटू नये. तक्ते आवश्यकच आहेत. जेरेमीशिवाय लोबसांग अपुरा आहे. परंतु विद्यार्थ्याला एखादी गोष्ट उमगण्याची वेळ कोणत्याही तक्त्यात नोंदता येत नाही. ही जाणीव विनोदाच्या आवरणातून देणारी कादंबरी, मातृरूपाची उपेक्षा करूनही, गंभीर समीक्षेस पात्र ठरते.