उच्च प्राथमिक स्तरावरील गणिताची साप्ताहिक उजळणी : एक चिकित्सा

प्रस्तावना :
इयत्ता ६ वी ते ८ वी हा शालेय गणितातील संक्रमणाचा टप्पा होय. अंकगणिताकडून बीजगणिताकडे होणारी वाटचाल प्रामुख्याने याच तीन वर्षांत घडते. या काळातील कौशल्ये टिकून राहावीत, या हेतूने साप्ताहिक उजळणीचा आग्रह धरला जातो. तिचे प्रयोजन निर्विवाद असले, तरी तिचे स्वरूप तपासून पाहणे अगत्याचे आहे.

सरावाची रचना :
'बालभारती'ने २०१७ मध्ये ७ वीसाठी व २०१८ मध्ये ८ वीसाठी प्रसिद्ध केलेल्या गणिताच्या पुस्तकांत घटकनिहाय सरावसंच आहेत. नुकतीच शिकवलेली रीत पक्की करण्यास ही रचना उपयुक्तच आहे. मात्र 'चक्रवाढ व्याज' या शीर्षकाखालील उदाहरण सोडवताना कोणती रीत वापरावी, हा प्रश्न विद्यार्थ्यापुढे उभाच राहत नाही. शीर्षकच ते सांगून टाकते. १०,००० रुपयांवर द.सा.द.शे. १० दराने २ वर्षांचे सरळव्याज २,००० रुपये, तर चक्रवाढ व्याज २,१०० रुपये होते. दोन्ही आकडेमोडी येणे हे एक कौशल्य. त्यांपैकी कोणती लागू पडते हे ओळखणे हे दुसरे. पुस्तकातील संकीर्ण प्रश्नसंग्रह या दुसऱ्या कौशल्यास वाव देतात. परंतु ते वर्षातून मोजक्या वेळीच येतात. ही पोकळी साप्ताहिक उजळणीने भरावयाची असते. तीत चालू पाठाचीच उदाहरणे पुन्हा दिली गेली, तर ती केवळ पुनरावृत्ती ठरते.

मिश्र सरावाचा पुरावा :
अमेरिकेतील डग रोहरर व केली टेलर यांनी २००७ मध्ये महाविद्यालयीन विद्यार्थ्यांवर केलेला प्रयोग येथे उद्बोधक ठरतो. घनफळाच्या उदाहरणांचा प्रकारवार सराव करणाऱ्या गटाने सरावाच्या वेळी ८९ टक्के, तर मिश्र सराव करणाऱ्या गटाने ६० टक्के यश मिळवले. आठवड्यानंतरच्या चाचणीत मात्र हेच प्रमाण अनुक्रमे २० व ६३ टक्के झाले. रोहरर व सहकाऱ्यांनी २०२० मध्ये ७ वीच्या ५४ वर्गांचा अभ्यास प्रसिद्ध केला. त्यातही महिन्यानंतरच्या चाचणीत मिश्र सरावाचे वर्ग ६१ टक्के व अन्य वर्ग ३८ टक्के गुणांपर्यंत पोहोचले.

मर्यादा :
मिश्र सराव हा सर्व दोषांवरील उपाय नव्हे. 'ऋण ऋण धन' हे गुणाकाराचे सूत्र बेरीज-वजाबाकीस लावून −७ − ३ = १० असे लिहिणाऱ्या विद्यार्थ्याची चूक अधिक उदाहरणांनी सुधारत नाही, उलट रुजते. तेथे संख्यारेषेवर पुनःअध्यापनच हवे. शिवाय मिश्र सरावात तात्कालिक गुण घटतात. गुणांच्या आलेखावरच वर्गाची पारख होत असेल, तर शिक्षक सोप्या, प्रकारवार सरावाकडे वळेल आणि विद्यार्थ्याचे अज्ञान ९ वीपर्यंत झाकलेले राहील.

समारोप :
साप्ताहिक उजळणीत चालू घटकाबरोबरच मागील महिन्याचे व मागील इयत्तेचे प्रश्न शीर्षकाविना यावेत. तिचे गुण श्रेणीसाठी न धरता निदानासाठी वापरावेत. अध्यापक महाविद्यालयांनीही एका घटकाच्या पाठटाचणाबरोबर अशा प्रश्नसंचाची आखणी प्रशिक्षणार्थींकडून करून घेणे इष्ट ठरेल. सराव किती झाला यापेक्षा सरावात निवड करावी लागली की नाही, हा उजळणीचा खरा निकष होय.