चित्राकडून वर्णाकडे : एका जिन्याची चिकित्सा

लिपीचा इतिहास सांगताना आधी चित्र, मग शब्दचिन्ह, त्यानंतर अक्षरचिन्ह आणि सर्वांत वर सुटा वर्ण, असा जिना रचण्याची रीत आहे. आय. जे. गेल्ब यांनी 'अ स्टडी ऑफ रायटिंग' (१९५२) या ग्रंथात शब्दचिन्हापासून वर्णापर्यंतचा क्रम अटळ मानला. ग्रंथाचे मोल आम्ही नाकारीत नाही. परंतु हा जिना कोणी बांधला, हा प्रश्न या मांडणीत मागे पडतो.

सिनाईतील सेराबित अल-खादिम येथे पिरोजाच्या खाणी होत्या. १९०५ साली फ्लिंडर्स पेट्री यांना तेथे काही ओबडधोबड लेख आढळले. १९१६ मध्ये अ‍ॅलन गार्डिनर यांनी त्यांतील 'बअलत' म्हणजे 'स्वामिनी' हा शब्द लावला. इजिप्तच्या चित्रलिपीतील बैलाचे मुंडके या लेखांत आहे, पण त्याचा अर्थ बैल नव्हे. सेमिटिक भाषेत बैलास 'आल्प' म्हणत. त्या शब्दाचा केवळ आद्य ध्वनी घेतला गेला. घर म्हणजे 'बेत', म्हणून घराचे चित्र 'ब' झाले. शेकडो चिन्हांचे काम तीसेक चिन्हांवर आले. तेच मुंडके उलटे होऊन आज रोमन 'ए'मध्ये उभे आहे.

ही युक्ती लेखनिकवर्गाबाहेरील कनानी माणसांची, असे ऑर्ली गोल्डवासर यांचे प्रतिपादन आहे. इजिप्शियन लेखन जाणणाऱ्यासच हे साधेल, असा त्यावर आक्षेप आहे. आक्षेप विचारार्ह खरा. तथापि एकेका व्यंजनाची चिन्हे इजिप्तच्या लेखनिकांपाशी हजाराहून अधिक वर्षे होती आणि त्यांनी बाकीचा पसारा टाकला नाही, हे कसे विसरावे? अवघड लिपी हीच त्यांची मिरास होती, असे आमचे मत आहे.

भारतीय लिपीपाशी तर जिनाच डळमळतो. 'कि' आणि 'कु' यांत 'क' ओळखू येतो, म्हणून ती निव्वळ अक्षरचिन्हांची लिपी नव्हे. सुट्या 'क'मध्ये 'अ' वसतो, म्हणून ती ग्रीकांसारखी वर्णलिपीही नव्हे. पीटर डॅनियल्स यांनी १९९० मध्ये या प्रकारास 'आबुगिडा' हे वेगळे नाव दिले, ते उचितच झाले. (आपण जिला ब्राह्मी म्हणतो, तिचे ते नाव अशोकाच्या लेखांत नाही, ते लेख स्वतःस 'धम्मलिपी' म्हणवितात.)

अशोकाने मात्र एकाच लिपीचा आग्रह धरला नाही. शाहबाजगढीस खरोष्ठी, तर कंदाहारास ग्रीक आणि अरेमाइक वापरली. ज्यांना वाचता येत नव्हते, त्यांचाही विचार झालेला दिसतो : धौली व जौगड येथील स्वतंत्र लेखांत, तिष्य नक्षत्राच्या दिवशी हा लेख ऐकावा, मधल्या काळात एकट्या माणसानेही ऐकावा, अशी आज्ञा कोरलेली आहे.