तालीम, हजेरी आणि देह : ‘बनगरवाडी’ व ‘फकिरा’ या कादंबऱ्यांतील देह आणि ओळख

प्रस्तावना :

मानवी देह ही केवळ निसर्गाची देणगी नसून ती समाजाची घडणही असते. माणसाने कसे बसावे, कोणासमोर उभे राहावे, कोणाला स्पर्श करावा, किती वाकावे या साऱ्या गोष्टी त्याला जन्मानंतर शिकविल्या जातात. फ्रेंच समाजशास्त्रज्ञ मार्सेल मॉस यांनी १९३४ मधील एका व्याख्यानात चालणे, पोहणे यांसारख्या साध्या क्रियाही समाजाकडून शिकलेल्या असतात, असे प्रतिपादन केले. पुढे मिशेल फुको यांनी १९७५ मध्ये प्रसिद्ध झालेल्या आपल्या ग्रंथात शाळा, छावणी व तुरुंग या संस्था देहाला शिस्त कशी लावतात, याची मांडणी केली. मराठी साहित्याच्या अभ्यासात मात्र देहाचा विचार बहुधा शृंगाराच्या किंवा स्त्रीवादी समीक्षेच्या संदर्भातच झालेला दिसतो. ग्रामीण व दलित साहित्याच्या विवेचनात भाषा, परिसर, जात, दारिद्र्य यांची चर्चा होते. परंतु हे सारे ज्या देहावर घडते तो देह दुर्लक्षित राहतो. प्रस्तुत लेखात व्यंकटेश माडगूळकर यांची ‘बनगरवाडी’ (१९५५) आणि अण्णा भाऊ साठे यांची ‘फकिरा’ (१९५९) या दोन कादंबऱ्यांचा या दृष्टीने विचार केला आहे.

एकाच मातीतील दोन कादंबऱ्या :

या दोन लेखकांचा एकत्र विचार करण्यास भौगोलिक आधार आहे. अण्णा भाऊंचा जन्म १९२० मध्ये वाळवा तालुक्यातील वाटेगाव येथे झाला. हे गाव तेव्हा सातारा जिल्ह्यात होते. माडगूळकरांचे माडगुळे हे आटपाडी परिसरातील गाव औंध संस्थानच्या मुलखात होते. स्वातंत्र्यानंतर १९४९ मध्ये दक्षिण सातारा हा स्वतंत्र जिल्हा झाला आणि १९६० मध्ये त्याला सांगली हे नाव मिळाले. आज ही दोन्ही गावे सांगली जिल्ह्यात आहेत. एक वारणेच्या खोऱ्याजवळचे, तर दुसरे दुष्काळी माणदेशातले. दोन्ही कादंबऱ्या चार वर्षांच्या अंतराने प्रसिद्ध झाल्या. तरीही अभ्यासक्रमात ‘बनगरवाडी’ ग्रामीण साहित्यात आणि ‘फकिरा’ दलित साहित्यात शिकविली जाते. या विभागणीमुळे एकाच प्रदेशातील दोन देहानुभव एकमेकांसमोर येतच नाहीत. ते समोरासमोर ठेवल्यास काय दिसते, हा या लेखाचा मुख्य प्रश्न आहे.

तालीम : घडविलेला देह

औंधचे अधिपती भवानराव पंतप्रतिनिधी हे सूर्यनमस्काराचे कट्टर पुरस्कर्ते होते. ते स्वतः नियमाने नमस्कार घालीत व आपल्या संस्थानातील शाळांतही त्यांनी सूर्यनमस्काराचा प्रसार केला. सुदृढ प्रजा म्हणजे सुदृढ राज्य, ही त्यामागील भूमिका होती. याच संस्थानात १९३९ मध्ये आटपाडीजवळ स्वतंत्रपूर ही बंदिवानांची खुली वसाहत उभी राहिली. भिंतीविना कैदी ठेवण्याच्या या प्रयोगाशी व्ही. शांताराम यांच्या ‘दो आँखें बारह हाथ’ (१९५७) या चित्रपटाचे नाते सर्वश्रुत आहे. देहाला कोंडण्याऐवजी त्याला काम, व्यायाम व विश्वास देऊन माणूस घडविता येतो, अशी ही दृष्टी होती.

‘बनगरवाडी’मधील तालमीचा प्रसंग या पार्श्वभूमीवर वाचला पाहिजे. धनगरांच्या छोट्याशा वाडीवर आलेला तरुण मास्तर शाळा सुरू करतो आणि नंतर त्याच्या पुढाकाराने गावकरी श्रमदानातून तालीम उभी करतात. तिच्या उद्घाटनास राजेसाहेब येतात. वरवर पाहता हा ग्रामसुधारणेचा प्रसन्न प्रसंग आहे. परंतु धनगराचा देह तालमीची वाट पाहत थांबलेला नाही. मेंढरांमागे दिवसभर चालणारा, उन्हातान्हात राबणारा देह त्याच्याजवळ आधीच आहे. तालीम त्याला बळ देत नाही, तर ओळख देते. राजासमोर मांडता येईल असा ‘गाव’ या तालमीमुळे तयार होतो.

माडगूळकरांच्या लेखणीचे सामर्थ्य असे की, या घडविलेल्या देहाशेजारी ते राबणारा देहही ठेवतात. बैलाची जोड नसल्याने शेकूची बायको स्वतः जू खांद्यावर घेते, हा प्रसंग वाचकाच्या कायम स्मरणात राहतो. तिच्या देहाची ताकद कोणत्याही तालमीतून आलेली नाही आणि तिच्यासाठी तालमीचे दारही उघडे नाही. एका तरुणीची चोळी शिवून आणण्यासारख्या साध्या गोष्टीवरून मास्तराविषयी संशय निर्माण होतो, तेव्हाही हेच जाणवते. पुरुषाचा देह गावाची शोभा ठरतो, तर स्त्रीचा देह एकतर श्रमाचे साधन किंवा अब्रूचा विषय ठरतो. निवेदक याविषयी कोठेही भाष्य करीत नाही. तो फक्त पाहतो व सांगतो. अखेरीस दुष्काळ येतो, मेंढरे घेऊन माणसे जगण्यासाठी बाहेर पडतात आणि वाडी ओस पडते. भुकेपुढे तालमीतून मिळालेली ओळख टिकत नाही, हे कादंबरी न बोलता दाखवून देते.

हजेरी : मोजलेला देह

‘फकिरा’मध्ये देहाकडे पाहणारी सत्ता वेगळी आहे. ब्रिटिश शासनाने १८७१ मध्ये गुन्हेगार जमातींविषयीचा कायदा केला. १९११ च्या कायद्याने त्याची व्याप्ती मुंबई इलाख्यासही लागू झाली आणि नोंदविलेल्या माणसांच्या बोटांचे ठसे घेण्याची, त्यांना ठराविक वेळी हजर राहण्यास भाग पाडण्याची तरतूद झाली. स्वातंत्र्यानंतर १९५२ मध्ये हा कायदा देशभर रद्द झाला. या व्यवस्थेत माणसाने काय केले हे गौण होते. तो कोणाच्या पोटी जन्मला हाच पुरावा होता. अर्थात देह हाच आरोप होता.

‘फकिरा’तील मांग समाजावर लादलेली हजेरी हे या मानसिकतेचे कथारूप आहे. येथे ‘हजेरी’ या शब्दाचे दोन अर्थ लक्षात घेणे उद्बोधक ठरते. ‘बनगरवाडी’तील मास्तर मुलांची हजेरी घेतो, तेव्हा तो त्यांना अक्षरांच्या जगात बोलावीत असतो. ‘फकिरा’तील हजेरी माणसाला गावाच्या शिवेत डांबते. शब्द एकच, पण एकीकडे नाव पुकारल्याने मूल विद्यार्थी होते, तर दुसरीकडे नाव पुकारल्याने माणूस गुन्हेगार होतो.

अण्णा भाऊ या मोजलेल्या देहाला उत्तर देतात ते पराक्रमी देहाने. फकिराचा पिता राणोजी शिगावची जोगणी गावात आणताना आपले शिर गमावतो. त्याच्या बलिदानाने गावाला जत्रेचा मान मिळतो. ज्या समाजाला गावकुसाबाहेर ठेवले, त्याच समाजाच्या रक्ताने गावाची प्रतिष्ठा उभी राहते, हा विरोधाभास कादंबरीच्या आरंभीच प्रस्थापित होतो. फकिराच्या चित्रणातील अतिरंजनाबद्दल, रोमँटिक वळणाबद्दल आक्षेप घेतले गेले आहेत. परंतु ज्या देहाची नोंद सरकारी कागदावर केवळ संशयित म्हणून होत होती, त्या देहाला देखणेपण, वेग व तेज बहाल करणे ही केवळ शैलीची बाब राहत नाही. तो त्या नोंदीला दिलेला प्रतिजबाब आहे.

कादंबरीचा शेवट या दृष्टीने विशेष अर्थपूर्ण आहे. आप्तस्वकीयांना डांबल्यानंतर त्यांच्या सुटकेसाठी फकिरा स्वतःहून साहेबासमोर हजर होतो. हजेरीच्या जाचातून बाहेर पडलेला माणूस स्वेच्छेने हजर होतो, तेव्हा ‘हजर’ या शब्दाचाच अर्थ पालटतो. सक्तीने मोजला जाणारा देह येथे दुसऱ्यांसाठी अर्पण केलेला देह होतो.

बाजार : विकला जाणारा देह

अण्णा भाऊंची ‘स्मशानातील सोनं’ ही कथा या विवेचनाला पूरक आहे. वारणाकाठचे गाव सोडून मुंबईस आलेला भीमा खाणीतील काम बंद पडल्यावर प्रेतांच्या अंगावरील व तोंडातील सोन्यावर जगू लागतो. अखेर प्रेताच्या दातांत त्याची बोटे अडकतात व ती कापून टाकावी लागतात. त्याच सुमारास खाण पुन्हा सुरू झाल्याचे कळते आणि डोंगर फोडणारा हा माणूस लहान मुलासारखा रडतो. गावात जातीने ठरलेली देहाची ओळख शहरात श्रमाने ठरते. आणि श्रमाची बोटे गेली की तीही उरत नाही. येथे ना तालीम आहे, ना हजेरी. परंतु बाजाराची सक्ती तितकीच कठोर आहे.

मर्यादा :

दोन्ही लेखकांच्या मर्यादाही नोंदविणे आवश्यक आहे. माडगूळकरांचा निवेदक वाडीबाहेरून आलेला आहे. त्याची सहानुभूती प्रामाणिक असली तरी त्याला काम संपल्यावर निघून जाता येते. धनगरांना दुष्काळ टाळता येत नाही. ‘फकिरा’त पराक्रमाची सारी परिभाषा पुरुषाच्या देहाची आहे. पती गमावलेल्या राधेला वाट्याला येते ते प्रामुख्याने सोसणे आणि धीर देणे. व्यवस्थेविरुद्ध बंड करणारी ही कादंबरी स्त्रीदेहाविषयीच्या रूढ कल्पनांविरुद्ध तेवढ्या प्रखरतेने उभी राहत नाही. शेकूच्या बायकोने खांद्यावर घेतलेले जू आणि राधेचे सोसणे एकत्र वाचल्यास दोन्ही कादंबऱ्यांतील ही उणीव स्पष्ट होते.

निष्कर्ष :

वरील विवेचनावरून असे म्हणता येते की, सातारा-सांगली परिसरातील या दोन कादंबऱ्यांत देह हा ओळखीचा आधार नसून ओळखीचे रणक्षेत्र आहे. तालीम देहाला गौरवते, हजेरी त्याला कलंकित करते, बाजार त्याची किंमत ठरवितो. तिन्ही ठिकाणी निर्णय देहधारकाचा नसतो. फकिराचे स्वेच्छेने हजर होणे हा या नियमाला असलेला अपवाद आहे आणि म्हणूनच तो प्रसंग कादंबरीचा नैतिक कळस ठरतो. ‘ग्रामीण’ व ‘दलित’ ही वर्गीकरणे अभ्यासाच्या सोयीसाठी आवश्यक असली तरी त्यांच्या भिंती पक्क्या झाल्यास विद्यार्थ्याला एकाच तासाला दोन्ही हजेऱ्या ऐकू येणार नाहीत. शाळेच्या पटावर पुकारलेले नाव आणि साहेबासमोर पुकारलेले नाव यांतील अंतर त्याला कळावयाचे असेल, तर या दोन कादंबऱ्या शेजारी ठेवून शिकविल्या गेल्या पाहिजेत.