गृहिणीचा विनोद : एर्मा बॉम्बेक

एर्मा बॉम्बेक ह्या अमेरिकन लेखिकेवरील आरोप तिच्या सदरलेखनाहून जुना आहे. बेटी फ्रीडन हिने १९६३ साली 'द फेमिनिन मिस्टिक' ह्या ग्रंथात गृहजीवनावर विनोदी लेखन करणाऱ्या लेखिकांना दोष दिला होता. स्वतः लेखनव्यवसाय करीत असूनही ह्या स्त्रिया केवळ गृहिणी असल्याचा आव आणतात आणि घरात कोंडलेल्या वाचकिणीची व्यथा हसण्यावारी नेतात, असा त्या आरोपाचा आशय. बॉम्बेकचे 'ॲट विट्स एन्ड' हे सदर ओहायोतील डेटन येथून देशभर गेले ते १९६५ साली. म्हणजे आरोपपत्र तयार असताना आरोपी पुढे आली!

तिच्या विनोदाचा विशेष असा की, त्यात घरकाम हे श्रम म्हणून दिसते. धुतलेला कपडा लगेच मळतो, वाढलेले अन्न लगेच संपते. केलेले काम उरतच नाही. हे दुःख ती तक्रारीच्या सुरात सांगत नाही. थकव्याने किंचित तिरकस झालेल्या आवाजात सांगते. मराठीत तो आवाज आणणे कठीण आहे. 'गृहिणी' ह्या शब्दामागे 'रघुवंशा'तील अजविलापापासूनची प्रतिष्ठा उभी असल्यामुळे त्याची थट्टा सहजी साधत नाही. तिच्या १९७६ च्या 'द ग्रास इज ऑल्वेज ग्रीनर ओव्हर द सेप्टिक टँक' ह्या पुस्तकाच्या नावातील म्हणीला 'दुरून डोंगर साजरे' हा प्रतिशब्द मिळतो, पण हिरवळीखालची मैल्याची टाकी मात्र त्यात येत नाही.

१९७५ ते १९८६ ह्या काळात 'गुड मॉर्निंग अमेरिका' ह्या दूरचित्रवाणी-कार्यक्रमात ती भाष्यकार म्हणून येत असे. तेथे तिचा विनोद टिकला, कारण निवेदन तिच्याच तोंडी राहिले. उलट १९८१ साली तिने रचलेली 'मॅगी' ही मालिका त्याच हंगामात बंद पडली. विषय तोच, प्रसंगही त्याच जातीचे. परंतु निवेदिका पात्रांत वाटली गेली आणि उरल्या त्या नुसत्या घरगुती फजित्या. तिची कला प्रसंगात नसून आवाजात होती, ह्याचा याहून स्पष्ट पुरावा नको.

फ्रीडनच्या आरोपाला तिने लेखणीने नव्हे, कृतीने उत्तर दिले. स्त्रीपुरुषांना समान हक्क देणाऱ्या घटनादुरुस्तीसाठी ती गावोगाव बोलत हिंडली. १९७८ साली अध्यक्ष कार्टर यांच्या स्त्रीविषयक सल्लागार समितीवर तिची नेमणूक झाली. दुरुस्तीच्या संमतीसाठी दिलेली मुदत ३० जून १९८२ रोजी संपली. आवश्यक ३८ राज्यांची संमती तोवर मिळाली नव्हती. ह्या व्यासपीठावरची बॉम्बेक आणि सदरातली बॉम्बेक ह्यांत मात्र अंतर राहिले. सदरातला नवरा दूरचित्रवाणीसमोर फुटबॉल पाहत बसतो. त्याची यथेच्छ टवाळी होते, पण त्याला उठून भांडी घासायला सहसा कोणी सांगत नाही.